स्वप्नातल्या जागा पुसल्या जायच्या आत: घरच्या घरी स्वप्नसंग्रह कसा करायचा

स्वप्नं लिहायची म्हणून वही आणली आणि चार दिवसांत सोडून दिली अशी माणसं मला इतकी भेटलीयत की आता हे सगळं एकदा नीट क्रमाने लिहूनच टाकते. सगळ्यांची तक्रार सारखीच, उठेपर्यंत लख्ख आठवत असतं आणि पेन हातात घेतलं की गेलं. आणि बहुतेकांची चूकही सारखीच असते. सगळे गोष्ट लिहायला जातात, म्हणजे मग असं झालं, मग तसं झालं, आणि ती गोष्ट जुळवायच्या नादात ते सगळं जिथे घडलं ती जागाच हातची जाते. गोष्ट नंतर चहा पिताना कोणाला सांगता सांगताही थोडीफार जुळते, पण तो जिना, तो उजेड, त्या खोलीला दारं किती होती हे एकदा गेलं की गेलंच. म्हणून क्रम असा ठेवा: आधी जागा, मग गोष्ट, आणि अर्थ सगळ्यात शेवटी, नाही लावला तरी चालतो.

खालचे टप्पे आहेत त्याच क्रमाने करा. बरेच जण थेट पाचव्या टप्प्यापासून सुरू करतात आणि तिथेच सगळं बिघडतं.

टप्पा १: आदल्या रात्रीची तयारी

वही साधी शंभरपानी घ्या, पण पुठ्ठा कडक हवा कारण आडवं पडून लिहायचंय. महागडी सुंदर डायरी नकोच, तिच्यात माणूस अक्षर सुधारून लिहायला बघतो. लिहायला पेन्सिल. बॉलपेन पाठीवर झोपून वर धरलं की दोन ओळींत शाई येणं बंद होतं, जेल पेन ओल्या हाताने पसरतं, पेन्सिलीला यातलं काहीच होत नाही आणि तिचं लिखाण वर्षानुवर्षं फिकटही पडत नाही. दोन पेन्सिली टोक काढून ठेवा. एक अंथरुणात हरवतेच.

वही उशाशीच पाहिजे, हात लांब केला की मिळेल अशी. टेबलावर ठेवली तर उठावं लागतं आणि उठलात की संपलं. उजेडासाठी छोटा टॉर्च, त्यावर लाल जिलेटीन पेपर लावा, ट्यूबलाईट लावू नका.

झोपायच्या आधी वहीत उद्याची तारीख घालून ठेवा. म्हणजे रात्री १३ तारखेला झोपणार आणि १४ ला उठणार तर १४, उठलेल्या सकाळची. हा नियम पहिल्या दिवशी ठरवा आणि बदलू नका, नाहीतर वर्षभराने एकाच स्वप्नाच्या दोन तारखा निघतात.

आता झोपेचं गणित. झोपेचं एक चक्र साधारण दीड तासाचं असतं आणि प्रत्येक चक्राच्या शेवटी रेम झोप येते, म्हणजे बंद पापण्यांखाली बुबुळं हलत असतात ती. स्वप्नं इतर झोपेतही पडतात, पण लांब, भरगच्च, जागाबिगा असलेली जास्त करून रेममध्येच. आणि हा रेमचा तुकडा रात्रीच्या सुरुवातीला अगदी थोडा असतो आणि पहाटेकडे वाढत जातो. आपण जिला साखरझोप म्हणतो ना, संग्रहासाठी तीच सगळ्यात मोलाची. एक वाजता झोपून सहाचा गजर लावणाऱ्या माणसाला स्वप्न आठवत नाही यात त्याचं काही चुकत नाही, त्याने नेमका तोच भाग कापून टाकलेला असतो. तेव्हा सुरुवात सुट्टीच्या आदल्या रात्री करा, लवकर झोपा, गजराशिवाय उठा. दारू घेतली असेल तर त्या रात्रीकडून काही अपेक्षा ठेवू नका, रात्रीच्या पहिल्या भागातली रेम झोप तिने दाबली जाते.

इशारा: स्वप्न पकडायला मध्यरात्री मुद्दाम गजर लावून उठायचे प्रकार करू नका, झोपेचं नुकसान जास्त होतं. नैराश्यावरच्या काही गोळ्यांनी स्वप्नं कमी-जास्त होतात, पण त्यासाठी गोळी स्वतःच्या मनाने बंद करणं हा धोका आहे, आधी डॉक्टरांशी बोला. आणि स्वप्नात हातपाय झाडणं, ओरडणं, पलंगावरून पडणं वारंवार होत असेल तर तोही डॉक्टरांना दाखवायचा विषय आहे.

टप्पा २: जाग आल्यावरची पहिली दोन मिनिटं

हलू नका. सगळ्या लेखातली एकच ओळ पाळणार असाल तर ही पाळा. डोळे मिटलेले, ज्या कुशीवर जाग आली त्याच कुशीवर, हात जिथे आहे तिथेच. रेम झोपेत मेंदूतलं नॉरअ‍ॅड्रेनलिन हे रसायन अगदी खाली गेलेलं असतं आणि आठवण पक्की न व्हायचं ते एक कारण मानतात, म्हणजे जे काही आहे ते नुसतं तरंगतंय, त्यात बाहेरचं काहीही पडलं, फोनचं टिंग, कुकरची शिट्टी, आज काय काय कामं आहेत हा विचार, की ते विस्कटतं. सगळ्यात वाईट तो तिसरा.

मग स्वतःला विचारायचं, "आत्ता मी कुठे होते?" लक्षात घ्या, "काय झालं?" असं विचारायचं नाही. काय झालं विचारलं की मन लगेच गोष्ट रचायला घेतं आणि नसलेले सांधे भरून टाकतं. कुठे विचारलं की एखादी भिंत येते, एखादा रस्ता येतो, त्याला धरून राहायचं. शेवटचं दृश्य आधी मिळतं, तिथून मागे मागे जायचं, या खोलीत मी कुठून आले, त्याच्या आधी कुठे होते. पुढून सुरू करायचा हट्ट धरलात तर शेवटचंही जाईल आणि पहिलंही मिळणार नाही.

चुकून हललात तर परत त्याच कुशीवर वळा आणि अर्धा मिनिट थांबा. कितीतरी वेळा परत येतं.

तपासा: काहीच आठवत नाहीये? मग वाटतंय काय ते बघा, भीती, घाई, कोणाची तरी आठवण, नुसतं जड. तेवढंच लिहा. तेही नसेल तर तारखेसमोर "काही नाही" असं लिहा. कोरी सकाळही नोंदवायची असते, कारण पुढे मोजायला बसलात की न आठवलेला दिवस आणि न लिहिलेला दिवस यात फरक करता आला पाहिजे.

टप्पा ३: चिठ्ठी

आता पेन्सिल उचला, पण वाक्य लिहू नका. आठ-दहा शब्द, जसे येतील तसे, एकाखाली एक. हिरवा कठडा. पाणी जिन्यावर. मामी तरुण. घंटा नाही. व्हरांडा. एवढंच. याला मी चिठ्ठी म्हणते. ही काळोखात, वाकड्या अक्षरात, अर्ध्या मिनिटात व्हायला पाहिजे. वाक्य करायला घेतलंत तर पहिल्या वाक्याचं क्रियापद शोधेपर्यंत उरलेलं स्वप्न गेलेलं असतं.

फोनवर बोलून ठेवणार असाल तरी चालतं, पण मग रेकॉर्डर रात्रीच उघडून ठेवा आणि फोन फ्लाईट मोडवर. सकाळी स्क्रीन उघडून चार मेसेज दिसले की त्या दिवसाचा संग्रह बंद. आणि बोलून टाईप करायची सोय या वेळी वापरू नका, झोपेतला घोगरा आवाज तिला कळत नाही, ती भलतेच शब्द घालते आणि ते दुरुस्त करत बसता बसता मूळ शब्द कोणता होता हेच विसरायला होतं. साधं रेकॉर्डिंग करा, उतरवून नंतर घ्या.

टप्पा ४: जागेची नोंद

आता उठून बसा, पाणी प्या, चिठ्ठी समोर घ्या. इथे घाई करायची नाही, मात्र दात घासायच्या आधी हे झालं पाहिजे.

स्वतःला विचारत जायचं. पायाखाली काय होतं, फरशी, शेणाने सारवलेलं, वाळू, की काही जाणवलंच नाही? डोक्यावर काय, कौलं, स्लॅब, आभाळ? उजेड कुठून येत होता आणि सावल्या होत्या का? दारं किती, बंद होती का उघडी, पलीकडे काय आहे हे माहीत होतं का? आवाज? वास? मोठ्या जागेत उभे होतात तर आपण तिच्यात केवढे होतो? खरीखुरी ओळखीची जागा असेल तर कुठे वेगळी होती?

यात एक भेद पाळाच. स्वप्नात काही गोष्टी दिसतात आणि काही नुसत्या माहीत असतात. दिसत असतो एसटी स्टँड आणि माहीत असतं की हे आपलं घर आहे. लोक लिहिताना सरळ "घरी होते" लिहून टाकतात आणि स्टँड कायमचा जातो, किंवा उलट. मी समासात दिसलेल्याला द आणि माहीत असलेल्याला म लावते.

एक नमुना देते म्हणजे कळेल. अशी नोंद उपयोगाची नाही: "आजोळी गेले होते, खूप छान वाटलं, मग परीक्षा होती आणि उशीर झाला." अशी हवी: "आजोळचं घर (म). जिना बाहेरून, खरा आतून होता (द). लोखंडी कठडा, हिरवा ऑईलपेंट, हाताला गार. तिसऱ्या पायरीपासून पाणी. वर गेल्यावर शाळेचा व्हरांडा, लांब, टोक दिसत नाही. संध्याकाळचा उजेड पण सावल्या नाहीत. परीक्षा आहे (म), कागद कुठेच नाही." पहिली नोंद कोणाचीही असू शकते. दुसरीतली जागा जगात फक्त एका माणसाने पाहिलीय आणि तिने नाही लिहिली तर ती कुठेच नाही.

इशारा: अर्थ लावू नका. "मनी वसे ते स्वप्नी दिसे" असं म्हणून आपण लगेच कालच्या भांडणाशी नाहीतर ऑफिसशी सांधा जोडतो आणि मग त्या अर्थाला न जुळणारं सगळं आपोआप गळून पडतं. मुख्य नोंद होईपर्यंत घरात कोणाला सांगूही नका, कारण एकदा सांगितलं की यापुढे तुम्हाला स्वप्न आठवत नाही, तुमचं सांगणं आठवतं.

टप्पा ५: गोष्ट, जशीच्या तशी

वर्तमानकाळात लिहा, "मी जिना चढतेय". भूतकाळात लिहिलं की आपण सांगायला लागतो, वर्तमानात बघत राहतो. एका जागेतून एकदम दुसरीत गेलात तर तिथे नुसती आडवी रेघ मारा. "मग", "तेवढ्यात", "म्हणून" हे तीन शब्द वापरायचे नाहीत असं ठरवूनच टाका, स्वप्नात नसलेलं कारण यांच्यातूनच घुसतं.

कोणी काही बोललं असेल तर त्याच शब्दांत, त्याच बोलीत. आजी मालवणीत बोलली असेल तर मालवणीतच लिहा.

दिवसभरात अजून काही आठवतं, भांडी घासताना, लोकलमध्ये उभं असताना. ते मुख्य नोंदीत घुसवायचं नाही. खाली वेगळी ओळ, वेळ घालून: "दुपारी २ वाजता आठवलं." असं उशिरा आठवलेलं खरंही असतं आणि कधीकधी नवीन तयार झालेलंही, ते निदान वेगळं राहिलं पाहिजे.

टप्पा ६: नकाशा

त्याच दिवशी, जमलं तर दुपारच्या आत. चित्र येत नाही ही सबब नको, वरून बघितल्यासारख्या रेघा मारायच्या. जिथून आत आलात तिथे बाण, दारांना तुटक रेघ, जे दिसलं नाही तिथे कोरं सोडा. कोरी जागा भरू नका! उत्तर दिशा दाखवू नका, स्वप्नात उत्तर नसते, "माझ्या उजव्या हाताला" एवढंच.

काही जागा परत परत येतात, दरवेळी थोड्या बदलून. अशा जागेला वहीच्या मागच्या बाजूला स्वतंत्र पान द्या आणि नाव द्या, "पाण्याचा जिना" असं काहीतरी. पुन्हा दिसली की त्याच पानावर तारीख घालून नवा नकाशा काढा. जुना खोडून दुरुस्त करायचा नाही, कारण जागा बदलत गेली हीसुद्धा तुमच्या संग्रहातली माहितीच आहे.

टप्पा ७: फाईल, क्रमांक, वर्गवारी

आठवड्यातून एकदा, रविवारी, वहीतलं कॉम्प्युटरवर उतरवा. महिनाभर साठवलंत तर स्वतःचंच अक्षर लागत नाही, मी हे भोगलंय.

टाईप करताना युनिकोड मराठीच हवी. श्रीलिपी, कृतीदेव असल्या जुन्या फॉन्टमध्ये टाईप केलेलं दुसऱ्या मशीनवर उघडलं की नुसती इंग्रजी अक्षरांची खिचडी दिसते. साधी टेक्स्ट फाईल ठेवा, सेव्ह करताना यूटीएफ-८ निवडा. फाईलचं नाव तारखेने, आधी वर्ष, मग महिना, मग दिवस, शेवटी त्या सकाळचं कितवं स्वप्न: 2025-03-14-01. फक्त नावात आकडे इंग्रजी वापरा, सगळीकडे क्रमाने लागतात. "विचित्र स्वप्न नवीन फायनल" अशी नावं देऊ नका.

जागांची वर्गवारी स्वतः शोधून काढायची गरज नाही. कॅल्विन हॉल आणि रॉबर्ट व्हॅन डी कॅसल या मानसशास्त्रज्ञांनी १९६६ मध्ये स्वप्नांच्या नोंदी तपासायची जी पद्धत मांडली तिच्यात जागेसाठी दोन सोपे प्रश्न आहेत. पहिला, आतली का बाहेरची (किंवा कळत नाही). दुसरा, किती ओळखीची: ओळखीची, ओळखीची पण बदललेली, नावाने माहीत असलेली पण आपली नसलेली, अनोळखी, आणि नक्की सांगता येत नाही. प्रत्येक फाईलच्या पहिल्या ओळीत एवढं लिहिलं की झालं. माझ्या अनुभवात दुसऱ्या प्रकारात, ओळखीची पण बदललेली, सगळ्यात जास्त जमतं आणि नीट लिहिलं नाही तर तेच आधी जातं, कारण मन तिला खऱ्या जागेसारखी करून टाकतं.

क्रमांक सलग ठेवा आणि एकेका माणसाची मालिका वेगळी. सांताक्रूझच्या कॅलिफोर्निया विद्यापीठातले जी. विल्यम डॉमहॉफ आणि अ‍ॅडम श्नायडर यांच्या ड्रीमबँक या ऑनलाइन स्वप्नसंग्रहात वीस हजारांहून जास्त नोंदी अशाच मालिकांमध्ये लावून ठेवल्यात, म्हणून त्यातलं एखादं स्वप्न सापडतं. घरच्या शंभर नोंदींनाही तीच शिस्त लागते.

तपासा: कुठलीही एक जुनी फाईल उघडा. फक्त तेवढ्यावरून घरातल्या दुसऱ्या माणसाला त्या जागेचा नकाशा काढता येतो का? नाही आला तर टप्पा ४ घाईत झालाय.

टप्पा ८: घरातल्या मोठ्यांची स्वप्नं

हा टप्पा मी सगळ्यात उशिरा शिकले आणि तेही नुकसान करून. माझ्या आत्याचं माहेर, म्हणजे आमचं मूळ घर, कोयना धरणाच्या शिवसागर जलाशयात बुडालं. ती अजून स्वप्नात तिथे जाते. पहिल्यांदा तिने सांगितलं तेव्हा मी उत्साहात मधेच म्हटलं, "म्हणजे ओटा, माजघर, मागे परसू, तसंच ना?" ती म्हणाली हो तसंच. संपलं. तिने काय पाहिलं होतं ते मी माझ्या एका प्रश्नाने पुसून टाकलं, आणि ते घर बघायला आता दुसरी कुठली वाटच नाही, ते फक्त तिच्या झोपेत उभं आहे.

तेव्हा असं करा. परवानगी आधी घ्या, रेकॉर्ड करणार असाल तर तसं स्पष्ट सांगा. वेळ सकाळच्या पहिल्या चहाची, दुपारी विचारून उपयोग नाही. "काय स्वप्न पडलं?" विचारलं तर "काही नाही गं" येतं, "आज कुठे होतीस?" विचारलं की सांगतात. उत्तर सुचवणारा प्रश्न नको. "ओटा होता का?" असं विचारायचं नाही, "आत शिरल्यावर आधी काय लागलं?" असं विचारायचं. गप्प बसल्या तर तुम्हीही गप्प बसा. त्यांचा शब्द बदलू नका, त्या पडवी म्हणाल्या तर पडवी, तुम्ही तिथे व्हरांडा लिहायचा नाही.

गेलेलं माणूस स्वप्नात आलं असेल तर "त्याने काही मागितलं का, म्हणजे काय असेल" असल्या चर्चेत घरातले बाकीचे पडतातच, त्यांना जरा थांबवा, आजीला पुरतं बोलू द्या. रडू आलं तर रेकॉर्डर बंद करा आणि त्या दिवशी पुन्हा लावू नका. पुन्हा पुन्हा पडणारं भीतीचं स्वप्न, अपघाताचं वगैरे, खोदून खोदून काढायचं नाही, तिथे जाणकार माणसाची मदत लागते.

तपासा: रेकॉर्डिंग त्याच दिवशी हेडफोन लावून पूर्ण ऐका. मिक्सरचा आवाज, अर्धवट बंद झालेली फाईल, हे तेव्हाच कळलं पाहिजे. उतरवून झालं तरी मूळ आवाज पुसू नका.

टप्पा ९: जपणूक आणि गुप्तता

फाईलच्या तीन प्रती, दोन वेगवेगळ्या प्रकारच्या साधनांवर, त्यातली एक घराबाहेर. कॉम्प्युटर, एक हार्ड डिस्क, आणि एक क्लाऊडवर किंवा बहिणीकडे पेन ड्राईव्हमध्ये. फक्त फोनमध्ये असलेला संग्रह हा संग्रह नाही, फोन पाण्यात पडला की संपला.

वह्यांचे शत्रू आपल्याकडे दोन, पावसाळ्यातली ओल आणि कसर. प्लॅस्टिकच्या पिशवीत घट्ट बांधून ठेवू नका, आत बुरशी धरते. पुठ्ठ्याच्या खोक्यात, भिंतीपासून लांब, सिलिका जेलच्या पुड्या टाकून ठेवा. रबरबँड, टाचण्या, स्टेपल काढून टाका, गंजतात. पानं स्कॅन करताना ३०० डीपीआय पुरे, पण रंगीत करा, पेन्सिलीची फिकट रेघ काळ्या-पांढऱ्यात उडून जाते.

नावांचं मात्र आधीच ठरवा. स्वप्नात शेजारी येतात, साहेब येतात, नको त्या माणसाबरोबर नको ते घडतं, आणि वही कोणाच्या हाती लागेल सांगता येत नाही. शार्लोट बेराट या पत्रकार बाईंनी १९३३ नंतर नाझींच्या बर्लिनमध्ये लोकांची स्वप्नं गोळा केली तेव्हा नोंदी सांकेतिक शब्दांत लिहिल्या होत्या, हिटलरला हान्स काका, अटकेला फ्लू, आणि त्या पुस्तकांच्या बांधणीत लपवून ठेवल्या. आपल्यावर तशी वेळ नाही, पण युक्ती तीच: प्रत्येक माणसाला एक ठरलेलं टोपणनाव, आणि यादी वेगळ्या जागी. दरवेळी नवं टोपणनाव दिलंत तर दोन वर्षांनी कोण कोण ते तुम्हालाही कळणार नाही.

दिवाळीच्या साफसफाईत घराबरोबर हेही काढा. प्रत्येक प्रतीतल्या पाचेक फाईली उघडून बघा, डिस्क सुरू होते का, आवाज वाजतो का, खोक्यात कसर लागलीय का. आणि नकाशांवरच्या कोऱ्या जागांची यादी करा, कारण मोठ्यांच्या बाबतीत त्या भरून निघायला वेळ थोडा असतो. आत्याच्या पानावर आत्ता दोनच राहिल्यात, विहिरीकडची वाट कुठून वळते ते आणि माजघराच्या कोनाड्यात काय ठेवलेलं दिसतं ते. या रविवारी सकाळी चहाच्या वेळी तिच्याकडे जाणार आहे, आणि आज कुठे होतीस एवढंच विचारणार आहे.